मल्लाचा व्यवसाय आणि त्याचा आश्रय : सोलापूर जिल्ह्याच्या संदर्भात एक विचार

'व्यावसायिक कुस्तीगीर' ही संज्ञा पाश्चात्त्य देशांत ज्या अर्थाने रूढ आहे, त्या अर्थाने ती महाराष्ट्रातील मल्लास लागू पडत नाही. अमेरिकेत हा शब्द उच्चारला की कंपनी, करार, ठरलेला मोबदला आणि पुष्कळदा आधीच ठरलेला निकालही डोळ्यांपुढे येतो. सोलापूर, सांगली वा कोल्हापूरकडील पैलवान याहून निराळा. तो कुस्तीवर जगतो, तिच्यासाठी शाळा व शेत मागे टाकतो आणि उमेदीची दहापंधरा वर्षे तालमीत घालवितो. या अर्थी कुस्ती हा त्याचा व्यवसायच होय. परंतु या व्यवसायात मालक नाही, वेतन नाही, निवृत्तीचे वय नाही. आहे तो केवळ आश्रय. आश्रयदाता कोण, हे काळानुसार पालटत गेले. आश्रयाची रीत मात्र फारशी पालटली नाही. मल्लांच्या आयुष्यातील चढउतारांचा उलगडा बव्हंशी या एका गोष्टीने होऊ शकतो.

प्रथम खर्चाची बाजू पाहू. मुलगा दहाबारा वर्षांचा झाला की त्याला तालमीत घालतात. पहाटेची मेहनत, जोर व बैठका, आणि हौद्यातील सराव असा त्याचा दिनक्रम असतो. हौद्यातील लाल माती तेल, ताक, हळद व लिंबू घालून मऊ राखावी लागते. शिकविणाऱ्या वस्तादाचे ऋण पैशात सहसा मोजले जात नाही. खुराकाचे मात्र रोज मोजावे लागते. दूध, तूप, बदाम, थंडाई, मटण हा खर्च एकदा सुरू झाला की थांबविता येत नाही, कारण तो थांबला तर कमावलेले शरीर उतरू लागते. हा भार बाप, भाऊ व प्रसंगी सारी भावकी उचलते. म्हणजे या व्यवसायात भांडवल कुटुंबाचे असते, आणि ते ज्यात गुंतवावयाचे ते एकच शरीर असते. एक गुडघा निखळला की सारे भांडवल बुडाले.

उलट उत्पन्न हे नैमित्तिक. गावोगावच्या जत्रा व उरूस हे त्याचे मुख्य साधन. सुगी पदरात पडल्यापासून पावसाळा तोंडावर येईपर्यंत मैदाने चालतात. हलगी कडाडते, लहान मुलांच्या किरकोळ कुस्त्यांनी आरंभ होतो आणि इनामाची रक्कम चढत चढत अखेरीस पहिल्या क्रमांकाची, आधीच जोडलेली कुस्ती लागते. ही कुस्ती चितपट होऊन निकाली व्हावी अशी प्रेक्षकांची अपेक्षा असते. बरोबरीत सुटलेल्या कुस्तीने त्यांचे समाधान होत नाही. इनामाचा पैसा गावच्या वर्गणीतून उभा राहतो. सोलापूर जिल्ह्यासारख्या अवर्षणप्रवण प्रदेशात याचा अर्थ उघड आहे : पाऊस हुकला की वर्गणी आटते, वर्गणी आटली की मैदान लहान होते, आणि मल्लाच्या खुराकाला कात्री लागते. २०२० व २०२१ या वर्षांत साथीमुळे जत्राच बंद पडल्या, तेव्हा हे परावलंबन सर्वांच्या प्रत्ययास आले. जानेवारी २०२० नंतर 'महाराष्ट्र केसरी' स्पर्धाही एकदम एप्रिल २०२२ मध्ये साताऱ्यास भरली. एवढा काळ उत्पन्न थांबले. खुराक मात्र थांबविता आला नाही.

जत्रेच्या या अनिश्चिततेवर पूर्वी राजाश्रयाचे छत्र होते. कोल्हापूरचे छत्रपती शाहू महाराज यांनी देशोदेशीच्या मल्लांना पदरी ठेवले आणि १९१२ मध्ये खासबागेचे मैदान सिद्ध केले. दरबारी मल्लास खुराक मिळे, राहावयास जागा मिळे. जिंकणे-हरणे हा त्याच्या पोटाचा प्रश्न रोजच्या रोज नसे. परंतु हे छत्र व्यक्तीच्या व राज्याच्या आयुष्याशी बांधलेले होते. १९४८ मध्ये सोलापूरलगतचे अक्कलकोट संस्थान विलीन झाले, १९४९ मध्ये कोल्हापूर विलीन झाले आणि दरबार संपले. पतियाळाचा आश्रय लाभलेल्या आणि १९१० मध्ये लंडन गाजविलेल्या गामा पैलवानाचे अखेरचे दिवस फाळणीनंतर लाहोरला हलाखीत गेले, हे या व्यवस्थेच्या मर्यादेचे सर्वपरिचित उदाहरण होय.

संस्थानिकांच्या जागी पुढे लोकवर्गणी, सहकारी संस्था, स्थानिक पुढारी आणि शासन असे नवे आश्रयदाते आले. मामासाहेब मोहोळ यांच्या पुढाकाराने उभ्या राहिलेल्या महाराष्ट्र राज्य कुस्तीगीर परिषदेने १९६१ पासून 'महाराष्ट्र केसरी' हा किताब देण्यास प्रारंभ केला. औरंगाबाद (आताचे छत्रपती संभाजीनगर) येथील पहिल्या स्पर्धेत सांगलीचे दिनकर दह्यारी विजयी झाले. किताबाने कुस्तीला राज्यव्यापी मानदंड मिळाला यात शंका नाही. तथापि अर्थदृष्ट्या पाहता तीही इनामाचीच मोठी आवृत्ती आहे : वर्षाकाठी विजेता एक. त्याच्या मागे तितकाच खुराक खाल्लेले आणि तितकीच वर्षे घातलेले शेकडो जण रिकाम्या हाताने परततात.

सोलापूर जिल्ह्याने या किताबाच्या इतिहासात घातलेली भर लक्षणीय आहे. दक्षिण सोलापूर तालुक्यातील बोरामणी या गावच्या एकाच शेख घराण्यातून तिघे 'महाराष्ट्र केसरी' झाले : इस्माईल शेख १९८० मध्ये, अप्पालाल शेख १९९२ मध्ये आणि मुन्नालाल शेख २००२ मध्ये. घराण्याची विद्या घरातच राहते, खुराकाचा खर्च घर जाणते आणि थोरल्याचा अनुभव धाकट्यास मिळतो. तालमीबाहेरील खरी संस्था म्हणजे कुटुंब, हे बोरामणीवरून दिसून येते. परंतु याच उदाहरणाची दुसरी बाजूही आहे. अप्पालाल शेख मूत्रपिंडाच्या विकाराने ग्रस्त झाले आणि २०२० मध्ये त्यांचे निधन झाले. दीर्घ आजाराच्या काळात किताब मल्लाला मान देतो, औषध देत नाही. आणि ज्या शरीरावर सारी मिळकत उभी असते, तेच शरीर आजारी पडलेले असते.

जिल्ह्याची दुसरी विशेषता अशी की येथे मल्ल निपजतात, पण पुष्कळसे घडतात बाहेर. सोलापूर शहरात पाणीवेस तालीम, पत्रा तालीम, थोरला मंगळवेढा तालीम ही नावे आजही घराघरांत परिचित आहेत. मात्र ती मुख्यतः उत्सव साजरे करणारी मंडळे म्हणून. मोठ्या मैदानाची तयारी करणारा तरुण कोल्हापूरची वा पुण्याची वाट धरतो. करमाळा तालुक्यातील खडकीचे बाला रफीक शेख कोल्हापुरात हिंदकेसरी गणपतराव आंदळकर यांच्या हाताखाली तयार झाले, पुढे पुण्यास गेले, आणि २०१८ मध्ये जालना येथे 'महाराष्ट्र केसरी' झाले ते बुलढाणा जिल्ह्याचे प्रतिनिधी म्हणून. मोहोळचे सिकंदर शेख कोल्हापूरच्या गंगावेश तालमीत घडले व २०२३ च्या नोव्हेंबरात किताबाचे मानकरी ठरले. त्याच वर्षी जानेवारीत पुणे येथील अंतिम लढतीत मंगळवेढा तालुक्यातील महेंद्र गायकवाड उपविजेते होते. त्या वेळी विजेत्यास मोटार व उपविजेत्यास ट्रॅक्टर मिळाला. मल्ल अजून शेतकरी घरचाच आहे, हे देणाऱ्यानेही गृहीत धरलेले दिसते.

बक्षिसांचे आकडे असे वाढत असले, तरी मल्लाच्या मनातील खरे बक्षीस निराळेच असते. ते म्हणजे सरकारी नोकरी. खाशाबा जाधव यांनी १९५२ मध्ये हेलसिंकी येथे कांस्यपदक मिळविले; स्वतंत्र भारताचे ते पहिले वैयक्तिक ऑलिंपिक पदक. त्यांच्या प्रवासखर्चासाठी राजाराम महाविद्यालयाचे प्राचार्य खर्डेकर यांनी आपले घर गहाण ठेवले होते. असे असूनही खाशाबांची उपजीविका पदकावर नव्हे, तर १९५५ मध्ये मिळालेल्या पोलीस खात्यातील नोकरीवर चालली. अलीकडे नरसिंग यादव व विजय चौधरी या दोघा तीन वेळच्या 'महाराष्ट्र केसरीं'ना पोलीस उपअधीक्षकपदी थेट नेमण्यात आले. वेतन, निवृत्तिवेतन, उपचाराची सोय, म्हणजे जे जे कुस्ती देत नाही ते ते सारे नोकरी देते. म्हणूनच किताबाच्या लढतीत पंचाच्या एका गुणावरून एवढे वादंग माजते. बाहेरच्या प्रेक्षकास तो खिलाडूवृत्तीचा अभाव वाटेल. वस्तुतः त्या एका गुणावर पुढील तीस वर्षांची भाकर टांगलेली असते.

शासनाकडून नामांकित व वृद्ध मल्लांना मासिक मानधन मिळते आणि २०२३ मध्ये त्यात भरीव वाढ जाहीर झाली. ही गोष्ट स्वागतार्ह आहे. परंतु मानधन हा शब्दच बोलका आहे : ते मानाचे धन आहे, श्रमाचे मोल नव्हे, आणि मान ज्यांच्या वाट्यास आला त्यांनाच ते लाभते. उरलेल्यांपैकी कोणी शेतीवर परततो, कोणी साखर कारखान्यावर वा एखाद्या संस्थेत पहारेकरी होतो, कोणी तालमीत वस्ताद म्हणून राहतो आणि नव्या पोरांना तेच डाव विनामोबदला शिकवितो. किंबहुना या व्यवसायाची परंपरा टिकली आहे ती या शेवटच्या वर्गामुळे.

सारांश, दरबार, जत्रा, सहकारी संस्था व शासन या चारही आश्रयदात्यांनी मल्लाला विजयाच्या क्षणी भरभरून दिले. विजयापूर्वीच्या दहा वर्षांचा आणि नंतरच्या तीस वर्षांचा भार मात्र त्याच्या घरावरच राहिला. मल्लविद्येच्या अभ्यासात आजवर विजेत्यांच्या नामावळीला जे स्थान मिळाले, तेच घराच्या जमाखर्चालाही मिळावयास हवे. त्यावाचून बोरामणीसारख्या गावाने मिळविलेल्या तीन गदांचे वजन किती, हे नेमके सांगता यावयाचे नाही.