स्टुडिओतलं आकाश

सेट डिझाइन म्हणजे रंगवलेल्या भिंती, असं वाटत असेल तर बन्सी चंद्रगुप्त यांचं काम बघा. रेन्वार बंगालमध्ये 'द रिव्हर' करत होते तेव्हा हे कलाविभागात सहाय्यक. पुढे 'पथेर पांचाली'पासून सत्यजित राय यांचे कलादिग्दर्शक.

'अपराजितो'साठी (१९५६) बनारसच्या घराचं अंगण हवं होतं. छायालेखक सुब्रत मित्रांना सेट उघड्यावर हवा होता. चंद्रगुप्तांना पावसाची भीती, म्हणून तो कलकत्त्यात स्टुडिओच्या आत उभा राहिला. आणि इथे भौतिकशास्त्र आडवं आलं! अशा अंगणात उजेड येतो वरच्या आकाशाच्या तुकड्यातून. स्रोत मोठा, म्हणून सावल्या मऊ. स्टुडिओचे दिवे छोटे, प्रत्येकाची सावली वेगळी नि धारदार. मित्रांनी सेटवर पांढरं कापड ताणलं आणि दिवे खालून त्यावर टाकले. परतून आलेला उजेड आकाशाचा वाटला.

तुम्ही प्रपोजलमध्ये 'नियंत्रित परिस्थिती' सहज लिहून टाकता ना? पावसाबरोबर तुम्ही आणखी काय बाहेर ठेवलंत, तेही लिहा.

दळवींच्या कादंबरीवरच्या 'चक्र'चं कलादिग्दर्शनही चंद्रगुप्तांचंच. त्याचं फिल्मफेअर मिळालं, तेव्हा ते हयात नव्हते.