मुलाच्या हाती कोणत्या मापाची बॅट द्यावी?

आपल्याकडे मुलांचे कपडे शिवावयास टाकताना "जरा वाढत्या अंगाचे शिवा" असे शिंप्यास बजावण्याची चाल फार जुनी आहे. मूल झपाट्याने वाढते, घरचा पैसा बेताचा असतो, आणि एक सदरा दोन वर्षे पुरला तर तेवढीच बचत होते, हा त्यामागील हिशेब अगदी रास्त होय. बाही लांब झाली तर ती दुमडता येते. विजार सैल झाली तर नाडी आवळता येते. परंतु हाच हिशेब क्रिकेटच्या बॅटीस लावला म्हणजे तो साफ फसतो; कारण बॅट दुमडताही येत नाही आणि आवळताही येत नाही. ती हाती धरणाऱ्यालाच तिच्यापुढे वाकावे लागते. म्हणून बॅट विकत घेताना कोणत्या गोष्टी पाहाव्यात, ह्याचा थोडा विचार विद्यार्थिमित्रांपुढे व त्यांच्या पालकांपुढे मांडावा असे आम्ही योजिले आहे.

प्रथम नियम काय सांगतो ते पाहू. बॅटीची लांबी ३८ इंचांहून अधिक व रुंदी सव्वाचार इंचांहून अधिक असू नये, असा खेळाचा नियम आहे. रुंदीच्या नियमाची कथा मोठी मौजेची आहे. सन १७७१ मध्ये इंग्लंडात व्हाइट नावाचा एक खेळाडू यष्ट्यांच्या रुंदीएवढी रुंद बॅट घेऊन खेळावयास उतरला. अर्थात त्याचा त्रिफळा उडविणे कोणासही शक्य नव्हते! ह्या प्रकारास प्रतिपक्षाने हरकत घेतली आणि तेव्हापासून सव्वाचार इंचांची मर्यादा ठरली. परंतु येथे एक गोष्ट ध्यानात ठेविली पाहिजे, ती ही की, नियमाने सांगितली आहे ती वरची मर्यादा होय. त्याखाली कोणाची बॅट केवढी असावी हे नियम सांगत नाही. ते ज्याचे त्याने आपल्या शरीराकडे पाहून ठरवावयाचे असते.

मोठ्या बॅटीने मुलाचे नेमके काय बिघडते? ज्याने विहिरीवर रहाट ओढला आहे किंवा पहार उचलली आहे, त्यास ह्याचे उत्तर सांगावयास नको. पहार मध्यावर धरली तर सहज उचलते. तीच एका टोकास धरून आडवी उचलू गेल्यास मनगट मोडावयास येते. वजन तेच, परंतु ते हातापासून जितके दूर तितके ते अधिक भारी होते. बॅटीचे बहुतेक वजन खालच्या पात्यात असते. त्यामुळे दांडा व पाते दोन-तीन इंचांनी जरी लांबले, तरी दहा वर्षांच्या मुलाच्या मनगटावर पडणारा ताण त्या मानाने पुष्कळच वाढतो.

मग तो मुलगा काय करतो? वरच्या हाताने बॅट पेलवत नाही म्हणून तो सारा भार खालच्या हातावर टाकतो. खालचा हात बलवान झाला की बॅट सरळ रेषेत न येता आडवी फिरू लागते. चेंडू येऊन ठेपला तरी बॅट वेळेवर खाली येत नाही. आली तर तिचा दांडा पोटात रुततो. प्रशिक्षक ओरडतात, "सरळ बॅटीने खेळ!" मूल बिचारे धडपडते, आणि दोष आपल्याच अंगी आहे असे समजून हिरमुसते. ह्या दोषाचे मूळ त्याच्या हातातील लाकडात आहे, हे त्यास कोणी सांगत नाही. अशी कित्येक मुले दोन-चार महिन्यांत मैदानाकडे पाठ फिरवितात. हीच हानी आम्हांस सर्वांत मोठी वाटते. कारण बॅटीचे पैसे पुन्हा मिळविता येतील, पण एकदा उडालेली आवड परत येईलच असे नाही.

आता मापांकडे वळू. लहान मुलांच्या बॅटींस कारखानदार आकडे देतात. शून्य किंवा एक ह्या आकड्यापासून आरंभ होऊन सहापर्यंत माप चढत जाते; त्यापुढे 'हॅरो' नावाचे माप, आणि त्यापुढे प्रौढांची पूर्ण मापाची बॅट. पूर्ण मापातही आखूड दांड्याची व लांब दांड्याची असे दोन प्रकार असून, लांब दांड्याची बॅट विशेष उंच खेळाडूंसाठीच असते. साधारणतः सव्वाचार फुटांपर्यंत उंचीच्या मुलास १ क्रमांक, साडेचार फुटांपर्यंत २, पावणेपाच फुटांपर्यंत ३, चार फूट अकरा इंचांपर्यंत ४, पाच फूट दोन इंचांपर्यंत ५ आणि पाच फूट पाच इंचांपर्यंत ६, असा क्रम धरण्यास हरकत नाही. त्याहून उंच मुलास हॅरो, व सुमारे पाच फूट आठ इंच झाल्यावर पूर्ण मापाची बॅट द्यावी. कारखान्याकारखान्यांच्या तक्त्यांत एखाद-दुसऱ्या इंचाचा फरक आढळतो. म्हणून आकडा हा केवळ वाटाड्या समजावा. वयावरून माप ठरविणे तर सर्वथा टाळावे. कारण एकाच इयत्तेतील बारा वर्षांच्या दोन मुलांत वीतभर उंचीचे अंतर असणे ही नित्याची गोष्ट आहे.

खरी परीक्षा दुकानातच करावी, आणि त्यासाठी मुलास बरोबर न्यावे. त्याच्या नकळत आणलेली भेट आनंद देते खरी, पण माप चुकविते. परीक्षा तीन आहेत. पहिली : मुलाने खेळावयाचे बूट घालून ताठ उभे राहावे व बॅट पायाशेजारी टेकवून उभी धरावी. दांड्याचे वरचे टोक कमरेच्या हाडाच्या आसपास यावे. बरगड्यांकडे जाऊ लागल्यास बॅट मोठी समजावी. दुसरी : खेळण्याचा पवित्रा घेऊन बॅटीचे टोक मागच्या पायाच्या बोटांमागे टेकवावे. गुडघे किंचित वाकलेले, नजर समोर व खांदे सैल, असे स्वस्थपणे उभे राहता आले पाहिजे. फारच वाकावे लागत असेल तर बॅट लहान, आणि दांडा मांडीस किंवा पोटास अडत असेल तर मोठी. तिसरी व सर्वांत महत्त्वाची : बॅट केवळ वरच्या हातात धरून, म्हणजे उजव्या हाताने खेळणाऱ्याने डाव्या हातात धरून, हात खांद्याच्या रेषेत समोर करावा व मनात दहा अंक मोजावेत. हात थरथरू लागला किंवा बॅटीचे टोक खाली झुकू लागले, तर ती बॅट मोह न धरता परत ठेवावी.

माप बरोबर असूनही वजन चुकू शकते, हे विसरू नये. पूर्ण मापाची बॅट साधारणतः अडीच ते तीन पौंडांची असते; मुलांची त्याहून बरीच हलकी असावयास हवी. जाड पात्याची बॅट दिसावयास भारदस्त दिसते, परंतु चेंडू दूर जातो तो बॅट वेगाने व वेळेवर फिरल्यामुळे, हे मुलास समजावून द्यावे. दांड्याची जाडीही पाहावी. लहान तळव्यास जाड दांडा नीट धरता येत नाही; त्यावर रबराची दोन वेष्टने चढविली असल्यास एक काढून टाकावे. मूल उजव्या हाताने खेळो वा डाव्या, बॅट एकच चालते, ही एक सोय आहे. अमेरिकेतील बेसबॉलच्या खेळात हातमोजा घेताना ही सोय नसते. तो ज्या हाताने चेंडू फेकावयाचा त्याच्या उलट हातात घालावयाचा असल्याने, हात व माप दोन्ही पाहावी लागतात. तेथेही मोठ्या मापाचा मोजा घेतल्यास मुलाची बोटे आत हरवतात व झेल निसटतात. देश व खेळ निराळे, तत्त्व एकच.

येथे कोणी म्हणेल, सचिन तेंडुलकर लहानपणी थोरल्या भावाची पूर्ण मापाची बॅट घेऊनच खेळत असे, त्याचे काय बिघडले? गोष्ट खरी आहे. दांडा खाली धरण्याची आपली सवय त्यातूनच जडली, असे त्यांनी स्वतःच सांगितले आहे. परंतु लोकोत्तर पुरुषाने अडचणीवर मात केली म्हणून अडचण ही काही शिकवण होत नाही. उलटपक्षी सर डोनाल्ड ब्रॅडमन ह्यांची बॅट सव्वादोन पौंडांच्या आसपास, म्हणजे आजच्या मानाने पुष्कळच हलकी होती, आणि कसोटी सामन्यांत त्यांची सरासरी ९९.९४ धावांची आहे. तेव्हा जड बॅटीवाचून धावा होत नाहीत, हा समज सोडून द्यावा.

खर्चाचा प्रश्न मात्र खरा आहे, व तो आम्ही टाळू इच्छीत नाही. मूल दर वर्षी सुमारे दोन इंच वाढते, म्हणजे एक माप त्यास वर्ष-दीड वर्षच पुरते. त्यावर आमचे म्हणणे असे की, मुलांसाठी काश्मिरी विलोच्या लाकडाची साधी बॅट पुरेशी आहे. महागड्या इंग्लिश विलोची गरज नाही. पात्यास जवसाचे तेल बेताने लावून व लाकडी हातोडीने हळूहळू ठोकून ती नीट राखली, तर धाकट्या भावंडास किंवा शेजारच्या मुलास ती खुशाल देता येते. शिवाय पुष्कळ शाळांच्या क्रीडासाहित्याच्या पेटीत मोठ्याच मापाच्या बॅटी असतात, आणि ज्यांस स्वतःची बॅट घेण्याचे सामर्थ्य नाही अशा पाचवी-सहावीतील मुलामुलींस त्यांवरच भागवावे लागते. त्या पेटीत ४ व ५ क्रमांकाची एकेक बॅट जरी आली, तरी कितीतरी लहानग्यांचा खेळ सुधारेल.

पवित्र शास्त्रातील दावीदाची कथा आपणां सर्वांस ठाऊक आहे. गल्याथाशी लढावयास निघालेल्या त्या मुलास शौल राजाने प्रेमाने आपले चिलखत चढविले. पण त्यात त्यास चालताही येईना. त्याने ते उतरवून ठेविले व आपल्या हाताच्या सवयीची गोफण घेतली. राजाचे चिलखत वाईट नव्हते. ते त्या अंगाचे नव्हते, इतकेच. वडीलमाणसांनी मुलास साधन देताना त्याचे आजचे अंग पाहावे. आणि विद्यार्थिमित्रांनीही, शेजाऱ्याची बॅट आपल्याहून मोठी आहे म्हणून खंत न करता, आपल्या हातास पेलेल तीच घेऊन सरळ खेळावे.