सत्तावन्न हजार चित्रं, तीन आणे

१९१३ साली सुरतेत दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' लागला, तेव्हा पहिल्या खेळाचा गल्ला जमला तीन रुपये. तिकीट तीन आण्यांचं धरलं, तर सोळा माणसं! तिथल्या प्रेक्षकाला दोन आण्यांत सहा तासांचं नाटक बघायची सवय. घटका-दोन घटकांत आटपणाऱ्या खेळाला तो जास्त पैसे का मोजील? दर उतरवा किंवा चित्रपट लांबवा, असा सल्ला फाळक्यांना मिळाला. त्यांनी दोन्ही केलं नाही, जाहिरात दिली: सत्तावन्न हजार छायाचित्रांचा खेळ, दोन मैल लांबीचं चित्र, अवघ्या तीन आण्यांत. लोक लोटले.

ही जाहिरात मी गणित मांडून तपासली. पस्तीस मिलिमीटरच्या फिल्मवर एका फुटात १६ चित्रं बसतात. म्हणजे ५७,००० चित्रांना साधारण ३,५६० फूट फिल्म लागते. चित्रपटाची नोंदलेली लांबी ३,७०० फूट. चित्रांचा आकडा चोख होता. दोन मैल मात्र १०,५६० फुटांचे होतात. तिथे फाळक्यांनी लांबी जवळजवळ तिप्पट केली. पण मला खरा थक्क करतो तो जाहिरातीत न आलेला आकडा.

कोरी फिल्म तेव्हा छिद्रांशिवाय यायची. कॅमेऱ्याच्या दातऱ्यांनी तिला पुढे ओढायचं, तर आधी दोन्ही कडांना भोकं पाडायला हवीत, प्रत्येक चित्रामागे आठ. ५७,००० गुणिले आठ म्हणजे ४ लाख ५६ हजार. शिवाय निगेटिव्ह वेगळी, पडद्यावर दाखवायची प्रत वेगळी. दोन्हींची मिळून नऊ लाखांच्या वर! वापरात न आलेली फिल्म यात धरलेलीच नाही. लंडनहून आणलेल्या यंत्रावर, दादरच्या घरातल्या अंधाऱ्या खोलीत हे काम करायला सरस्वतीबाई फाळके शिकल्या. फिल्म धुण्याची रसायनं त्याच कालवत, आणि साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाकही त्यांच्याकडेच. भारतीय चित्रपटाच्या पहिल्या श्रेयनामावलीत त्यांचं नाव ठळक अक्षरांत हवं होतं, असं मला मनापासून वाटतं.

कॅमेऱ्यामागे होते त्र्यंबक तेलंग. हाताने फिरवायच्या त्या काळच्या कॅमेऱ्यात हँडलच्या एका फेऱ्याला सहसा आठ चित्रं निघत. तेव्हा पडद्यावर आलेल्या भागापुरतेच सात हजारांहून जास्त फेरे, सेकंदाला दोन या गतीने. हात मंदावला, तर पडद्यावरचा हरिश्चंद्र धावू लागणार.

या पहिल्या चित्रपटाला सात महिने एकवीस दिवस लागले. एकोणीस वर्षांच्या कारकिर्दीत फाळक्यांच्या नावावर ९५ चित्रपट आणि २७ लघुपट मांडले जातात. सरासरी काढली तर दर सत्तावन्न दिवसांना एक, आणि त्यात पहिलं महायुद्ध, भागीदारांशी मतभेद, कंपनी सोडून काशीला जाऊन राहणं, हे सगळं आलं. १९१७ च्या 'लंकादहन'मध्ये नट अण्णा साळुंके राम झाले आणि सीताही झाले. त्या चित्रपटाच्या गल्ल्यातली नाणी पोत्यांत भरून बैलगाडीने, पोलीस पहाऱ्यात न्यावी लागली, असं सांगतात. सुरतेचे तीन रुपये आठवले की या चार वर्षांतली झेप कळते.

पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात 'राजा हरिश्चंद्र'ची पहिली आणि शेवटची रिळं आहेत: १,४७५ फूट, म्हणजे २३,६०० चित्रं. पण हा तुकडा फाळक्यांनी १९१७ मध्ये नव्याने केलेल्या आवृत्तीचा आहे, असं काही अभ्यासक मानतात. ते बरोबर असतील, तर सुरतेच्या जाहिरातीतल्या सत्तावन्न हजारांपैकी एकही चित्र आज आपल्याकडे नाही.