वेशीवरचा पहारेकरी, वाड्यातला बिऱ्हाडकरू

पूर्वी गावाला वेस असे आणि वेशीवर पहारेकरी असे. संगणकांच्या जाळ्यात हेच काम फायरवॉल करते. संदेश कोठून आला, कोणत्या दाराने आत शिरू पाहतो, हे पाहून नियमात बसेल तेवढ्यालाच ती वाट देते.

या कामासाठी वेगळे यंत्र घेतलेच पाहिजे, असे आता राहिलेले नाही. २००७ साली लिनक्सच्या गाभ्यात केव्हीएम ही सोय आली आणि एका यंत्राच्या पोटात अनेक आभासी यंत्रे नांदविणे सुलभ झाले. बिऱ्हाडे अनेक, वाडा एक! मग त्यांतल्याच एका बिऱ्हाडकरूला पहाऱ्यावर का नेमू नये? ओपीएनसेन्ससारखी विनामूल्य फायरवॉल अशी बसविता येते.

मांडणी आम्ही सुचवितो ती अशी. यजमान यंत्राला दोन नेटवर्क कार्डे असावीत आणि प्रत्येकाला लिनक्समधील एकेक ब्रिज जोडावा. एक ब्रिज इंटरनेटकडचा, दुसरा घरातला. फायरवॉलचा एक पाय इकडे, एक तिकडे. म्हणजे घरातल्या यंत्रांची ये-जा तिच्या नजरेखालूनच होते.

येथे एक चूक हमखास घडते. बाहेरच्या ब्रिजवर यजमानानेच आयपी पत्ता घेतला, तर पहारेकरी बाजूला राहतो आणि वाड्याचे मागचे दार उघडे पडते. म्हणून तेथे यजमानाला पत्ता देऊ नये. आयपीव्ही६ चा पत्ता तर लिनक्स एरवी आपण होऊनच घेते. तोही बंद करावयास हवा.

दुसरी गोष्ट. यजमान यंत्र बंद करून पुन्हा चालू केले की फायरवॉल आपोआप उठेल, अशी तजवीज ठेवावी. ती उठली नाही तर आपणच बाहेर अडकू. यासाठी यजमानाला प्रत्यक्ष जोडलेला पडदा व कळफलक हाताशी असावा.

आणि एक इशारा. ज्याच्या हाती वाड्याची किल्ली, त्याच्या हाती पहारेकरीही. २०१५ साली क्यूईएमयूमध्ये 'व्हेनम' नावाचा दोष उघड झाला. फ्लॉपी चालविण्याच्या जुनाट भागातील त्या भगदाडातून बिऱ्हाडकरूला यजमानाच्या माजघरात शिरणे शक्य होते. फ्लॉपी कोणी वापरीत नव्हते. दार मात्र उघडेच होते! तेव्हा यजमान यंत्रावर इतर कामांची गर्दी करू नये, आणि त्याची दुरुस्ती वेळच्या वेळी करावी. वेस मजबूत असून भागत नाही. ती ज्या जमिनीवर उभी आहे, ती जमीनही पक्की हवी.