काचेवरचे लंडन

‘मेरी पॉपिन्स’ हा १९६४ सालचा चित्रपट तुमच्यापैकी पुष्कळांनी पाहिला असेल. छत्री उघडून आकाशातून उतरणारी, मुलांना सांभाळणारी ती बाई आठवते ना? तिच्या निमित्ताने आपण तिन्हीसांजेच्या लंडनवरून फिरून येतो. धुरकट आभाळ, धुराड्यांच्या रांगा, सेंट पॉलच्या देवळाचा घुमट आणि खाली लुकलुकणारे दिवे. आता गंमत पहा. या चित्रपटातले नटनटी चित्रीकरणासाठी लंडनला गेलेच नव्हते! सारे काम कॅलिफोर्नियात, बरबँक येथील डिस्ने स्टुडिओच्या छपराखाली झाले. लंडन होते ते काचेवर रंगवलेले. आणि ते दिवे? काचेवरचा रंग जागोजाग टोकरून मागून उजेड सोडला, की झाले दिवे!

हे लंडन रंगवणाऱ्या चित्रकाराचे नाव पीटर एलेनशॉ. अशा चित्राला चित्रपटाच्या धंद्यात ‘मॅट’ म्हणतात. मॅट म्हणजे चटई नव्हे बरं का. इथे त्याचा अर्थ झाकण.

आपल्याकडे रंगवलेला देखावा काही नवा नाही. कोल्हापूरचे आनंदराव आणि बाबूराव पेंटर हे दोघे नाटकांचे पडदे रंगवीत, आणि पुढे बाबूराव त्याच हाताने चित्रपटाकडे वळले. पण नाटकाचा पडदा आणि मॅट यांत एक मोठा फरक आहे. पडदा वर गेला, राजवाडा दिसला, की प्रेक्षक टाळी देतो. तो रंगवलेला आहे हे त्याला ठाऊक असते. ती टाळी रंगवणाऱ्यालाच असते. मॅटचे उलट आहे. चित्र आहे हे कोणाच्या ध्यानात आले, तर चित्रकार नापास! हात दिसता कामा नये, हीच त्याची परीक्षा.

हे साधतात कसे? जुनी रीत अशी : एखाद्या वाड्याचा फक्त खालचा मजला खरोखर बांधायचा. कॅमेऱ्यापुढे एक मोठी काच उभी करायची. तिच्या वरच्या भागावर उरलेले मजले, कळस, ढग रंगवायचे आणि खालचा भाग कोरा ठेवायचा. कोऱ्या काचेतून खरी माणसे दिसतात, वर रंगवलेला वाडा दिसतो आणि कॅमेऱ्याच्या एका डोळ्याला दोन्ही मिळून एकच वाटतात. अडचण ही की, चित्रकार रंगवीत बसला म्हणजे सारी मंडळी खोळंबतात, आणि सूर्य काही खोळंबत नाही, सावल्या सरकतात.

म्हणून दुसरी रीत निघाली. चित्रण करतानाच चौकटीचा काही भाग काळ्या झाकणाने झाकायचा. फिल्मचा तेवढा भाग कोरा राहतो. मग चित्रकाराने सावकाश आपल्या खोलीत चित्र करायचे. जिथे माणसे आहेत तिथे ठार काळे आणि बाकीच्या जागी देखावा. तीच फिल्म पुन्हा चालवून हे चित्र टिपायचे. दोन्ही अर्धी एकमेकांना येऊन मिळतात. सांधा केसभर चुकला, चित्रातला उजेड डावीकडून आणि माणसांवरचा उजवीकडून आला, की सोंग उघडे पडले म्हणून समजा.

एलेनशॉ यांचा जन्म लंडनचा, १९१३ सालचा. घरची ओढाताण, शाळा लवकर सुटली आणि मोटारी दुरुस्त करण्याच्या कामाला लागले. फावल्या वेळात चित्रे काढीत. अशात त्यांची गाठ पर्सी डे यांच्याशी पडली. डे हे रॉयल अकॅडमीच्या शाळेत शिकलेले चित्रकार आणि काचेवरच्या या विद्येतले इंग्लंडमधले जाणते गुरू. त्यांच्या हाताखाली एलेनशॉ यांनी उमेदवारी केली. १९४० सालचा ‘द थीफ ऑफ बगदाद’ हा त्या काळातलाच. म्हैसूरचा साबू त्यात होता. डे यांच्या कुंचल्याची आणखी एक करामत आपल्याला जवळची वाटेल. १९४७ सालच्या ‘ब्लॅक नार्सिसस’मध्ये हिमालयाच्या कड्यावरचा एक मठ आहे. दरीत डोकावले की पोटात गोळा येतो. पण ती मंडळी हिमालयात आलीच नव्हती. मठ उभा राहिला तो इंग्लंडमध्ये, पाइनवुड स्टुडिओत.

दुसऱ्या महायुद्धात एलेनशॉ ब्रिटिश विमानदलात वैमानिक होते. युद्धानंतर डिस्ने यांच्या ‘ट्रेझर आयलंड’चे काम त्यांच्याकडे आले, हा चित्रपट १९५० सालचा. १९५३ च्या सुमारास ते अमेरिकेला गेले आणि तिथलेच झाले. १९५४ साली, डिस्नेलँड अजून कागदावर असताना, त्याचा आकाशातून दिसणारा देखावा त्यांनीच रंगवला. ‘डार्बी ओगिल’साठी कॅलिफोर्नियात बसून आयर्लंड उभे केले. ‘मेरी पॉपिन्स’साठी तर शंभरावर मॅट झाले, आणि त्यातल्या करामतींबद्दल दोघा सहकाऱ्यांसह त्यांना ऑस्कर मिळाले.

आता मुद्द्याची गोष्ट. तुम्हाला वाटेल, खरे वाटावे म्हणून हा माणूस एकेक वीट, एकेक पान कोरून काढीत असेल. तसे नाही. पडद्यावर हे चित्र काही सेकंद राहते. तेवढ्यात डोळा तपशील मोजत नाही. तो उजेड पाहतो, अंतर पाहतो, हवेतला धुरकटपणा पाहतो. त्यामुळे मॅटचे चित्र जवळून पाहिले तर नुसते फटकारे दिसतात. फार कोरीव केले तर उलट खोटे वाटते. काय रंगवायचे यापेक्षा काय सोडायचे हे कळणे, हीच इथली विद्या. आणि मोठ्या चित्रकलेतही ती काही वेगळी नाही, नाही का?

तरीही या विद्येची एक किंमत मोजावी लागते. चित्र टिपून झाले की काम संपले. पुष्कळदा काच खरवडून पुढच्या चित्राला घेत. महिनाभराची मेहनत, पडद्यावर पाच सेकंद, आणि मग पुसून टाकायची. ज्याच्या कामावर त्याची सही नसते, अशा माणसाच्या हाताला स्वतःचे काही करावेसे वाटले तर नवल काय! एलेनशॉ स्टुडिओतले काम सांभाळून स्वतःची चित्रे रंगवीत राहिले. समुद्राच्या लाटा, आयर्लंडचे डोंगर, खडकांवरचे ऊन. तिथे सांधा जुळवायचा नव्हता, कोणी नट काळ्या जागेत येऊन उभा राहणार नव्हता, आणि पाहणाऱ्याला पाच सेकंदांची घाई नव्हती. कोपऱ्यात सही होती. ही चित्रे प्रदर्शनांत मांडली गेली, लोकांनी हौसेने घरी नेली.

१९७९ सालच्या ‘द ब्लॅक होल’नंतर त्यांनी स्टुडिओचा निरोप घेतला, चित्रे मात्र सोडली नाहीत. त्यांचे चिरंजीव हॅरिसन हेही याच वाटेने गेले; १९७७ सालच्या ‘स्टार वॉर्स’मधले मॅट त्यांच्या हातचे. पीटर एलेनशॉ २००७ साली, वयाच्या ९३ व्या वर्षी वारले.

आज काच आणि कुंचला जाऊन संगणक आला आहे. झाकण बदलले; कसोटी तीच राहिली. उजेड कुठून येतो, दूरचा डोंगर किती फिका दिसतो, डोळा आधी कुठे जातो, हे ज्याला कळते त्याचेच चित्र खरे वाटते. तेव्हा पुढच्या खेपेला एखादा जुना चित्रपट पाहाल, तेव्हा नटांवरून नजर जरा वर न्या. तिथला ढग, तिथला कळस कदाचित कोणाच्या हातचा असेल. चूक शोधायला नव्हे, दाद द्यायला पहा. त्या बिचाऱ्याने टाळी मिळू नये म्हणूनच सारी खटपट केली होती. उशिरा का होईना, ती त्याला देऊन टाकू या.