‘कुंकू’तील ध्वनियोजना आणि पार्श्वसंगीताचा लोप

चित्रपटातील वातावरणनिर्मितीचे प्रमुख साधन म्हणजे पार्श्वसंगीत, असे मानण्याचा प्रघात आहे. मॅक्स स्टायनर ह्याने १९३३ मध्ये ‘किंग काँग’साठी वाद्यवृंदाची जी योजना केली, तिच्यामुळे ही समजूत अधिकच दृढ झाली. पुण्याच्या प्रभात फिल्म कंपनीने १९३७ मध्ये ‘कुंकू’त नेमकी उलट वाट धरली. व्ही. शांताराम ह्यांनी दिग्दर्शित केलेल्या आणि केशवराव भोळे ह्यांनी संगीत दिलेल्या ह्या चित्रपटात पार्श्वसंगीत नाही. जे ऐकू येते ते त्या घरातले आणि रस्त्यावरचे.

गाणी अर्थातच आहेत. परंतु तीही कथेच्या जगातूनच उमटावीत असा कटाक्ष दिसतो. नीरा ग्रामोफोनच्या साथीवर गाते, भिक्षेकरी रस्त्यावर गातो. काकासाहेबांचे जुने घड्याळ तर त्यांच्या उतारवयाचे जणू प्रतिरूपच होय.

भाषाभ्यासकाला येथे एक परिचित तत्त्व आढळेल. ‘घोडा’चे अनेकवचन ‘घोडे’ होते, ‘दगड’चे मात्र ‘दगड’च राहते. तेथे वैयाकरण शून्य प्रत्यय मानतो. कारण ‘घोडे’सारखी रूपे भाषेत आहेत म्हणूनच त्या रिकाम्या जागेला अर्थ येतो. १९३७ चा मराठी प्रेक्षक संगीत नाटकावर पोसलेला होता. भावनेचा उत्कर्ष झाला की ऑर्गन-तबल्यासह पद यावयाचे, ही त्याची अपेक्षा. ती अपेक्षा होती म्हणूनच ‘कुंकू’तील निःशब्दता अर्थवाही ठरली. (आजच्या प्रेक्षकाला ती जागा नुसतीच रिकामी वाटण्याचा संभव आहे.)

ही योजना विषयाशीही निगडित आहे. ना. ह. आपटे ह्यांच्या ‘न पटणारी गोष्ट’ ह्या कादंबरीवर आधारलेल्या ह्या कथेत फसवणुकीने वृद्धाशी विवाह झालेली नीरा त्याला पती मानण्याचे नाकारते. तिच्या नकारामागे करुण स्वर घातले असते तर ती दयेचा विषय झाली असती. ते नसल्यामुळे तिचा नकार हा युक्तिवाद म्हणून उभा राहतो आणि निवाडा प्रेक्षकावरच सोपविला जातो. काकासाहेबांच्या वाट्यासही खलनायकी स्वर येत नाहीत. त्यामुळे त्यांचा पुढील पश्चात्ताप पटतो.

पार्श्वसंगीत वगळण्याचे श्रेय सामान्यतः दिग्दर्शकाला दिले जाते. ते यथार्थ असले तरी भोळ्यांची पूर्वीची रचना दृष्टीआड करणे योग्य नव्हे. ‘संत तुकाराम’साठी (१९३६) शांताराम आठवले ह्यांनी लिहिलेल्या ‘आधी बीज एकले’ ह्या पदाला त्यांनी दिलेली चाल वारकरी वळणाशी इतकी एकजीव झाली की अनेकांनी ते पद तुकोबांचाच अभंग समजून घेतले. चित्रित जगाला स्वाभाविक वाटेल तोच स्वर योजावा, ही दृष्टी तेथेच सिद्ध झालेली होती. चालींची गणना करून भोळ्यांचे मूल्यमापन करणाऱ्यांच्या हातून ती निसटते.

नीरा लाँगफेलोची इंग्रजी कविता गाते, तेथे मात्र हे तत्त्व ताणले जाते. शांता आपटे ह्यांचे गायन प्रभावी आहे. पण त्या वेळी घराचा आवाज मागे पडतो आणि चित्रपटकर्त्यांचा उपदेश पुढे येतो.