कन्व्हेक्शन मायक्रोवेव्हमधला पिझ्झा: गैरसमज आणि वस्तुस्थिती

कन्व्हेक्शन मायक्रोवेव्हमधला पिझ्झा मायक्रोवेव्ह लहरींवर भाजला जातो, हा सर्वांत खोल रुजलेला गैरसमज. २.४५ गिगाहर्ट्‌झच्या या लहरी पदार्थातले पाणी तापवतात आणि पाणी आहे तोवर पदार्थ १०० अंश सेल्सिअसच्या फारसा वर जात नाही. पिझ्झ्याची कड तांबूस, खरपूस व्हायला मात्र साधारण १४० अंशांपुढची कोरडी आच लागते. म्हणूनच नुसत्या लहरींवर केलेला पिझ्झा गरम असताना लिबलिबीत आणि निवल्यावर चामट लागतो. कन्व्हेक्शनचे बटण दाबले की लहरी बंद राहतात. तापलेल्या कॉइलवरची हवा पंखा आत खेळवतो आणि तेच यंत्र छोटी भट्टी होते.

‘आत धातूचे भांडे चालत नाही’ हे लहरींपुरते खरे. निव्वळ कन्व्हेक्शनवर धातूचा ट्रे चालतो, नव्हे तोच हवा. कॉम्बिनेशन मोडमध्ये मात्र गरम हवेबरोबर लहरीही चालू असतात. तिथे माहितीपुस्तिकेत परवानगी असलेलेच भांडे वापरावे.

खरी फसगत प्रीहीटच्या बीपने होते. बीप वाजली म्हणजे हवा तापली. थाळी अजून तापलेली नसते. बऱ्याच यंत्रांत गरम हवा मागून किंवा वरून येते, खालून आच नसतेच. मग वर चीजला डाग पडतात आणि उचलून पाहावे तर तळ पांढराफटक. यावर उपाय घरातच असतो. बिनदांड्याचा, हलका लोखंडी तवा खालच्या स्टँडवर पालथा ठेवून प्रीहीट करावे, बीपनंतर आणखी दहा-पंधरा मिनिटे तापू द्यावा आणि मग लाटलेला पिझ्झा त्यावर सरकवावा. तव्याभोवती हवा फिरायला दोन बोटे जागा हवी.

नेपल्सच्या लाकडावर पेटणाऱ्या भट्टीत सुमारे ४८० अंशांवर पिझ्झा ६० ते ९० सेकंदांत होतो, तेव्हा घरी तो जमणारच नाही, असेही मानले जाते. पण घरीही २०० ते २२० अंशांवर १२ ते १५ मिनिटांत चांगला पिझ्झा होतो, फक्त पीठ तसे भिजवावे लागते. नेपल्सच्या पिठात तेल-साखर नसते. घरच्या मंद आचेला दोन्ही थोडी घातली तर पोळी वाळत नाही आणि रंगही धरते.

भाज्या भरपूर घातल्या की चव वाढते, हेही खरे नाही. टोमॅटो, मशरूमला सुटलेले पाणी बेसमध्ये मुरते.

विकतचा बेस आधीच भाजलेला असतो. त्याला पूर्ण वेळ दिला तर तो टोस्टसारखा कडक होतो. चीज वितळून बुडबुडे आले की काढावा.